संगीतकाराच्या घरातला संथ टेपरेकॉर्डर

मित्रांनो, मी एक जुना टेपरेकॉर्डर आहे, दोन मोठी रिळे फिरवणारा. माझी घडण दुसऱ्या देशातल्या विजेच्या मापाने झाली होती. इथल्या विजेवर माझी मोटर मुळातच मंद फिरते. हा माझा दोष नाही आणि गुणही नाही.

एका संगीतकाराने मला जुन्या बाजारातून घरी आणले. ते चित्रपटांसाठी चाली बांधत. पेटी पुढ्यात घेऊन ते गात, मी टिपून घेई आणि लगेच ऐकवी. टिपणेही मंद, वाजवणेही तितकेच मंद. त्यामुळे घरात आवाज हुबेहूब निघे आणि शंकेला जागाच उरत नसे. पण फिती टपालाने निर्मात्यांकडे जात. त्यांची यंत्रे योग्य गतीची, म्हणजे माझ्याहून जलद. तिथे मालकांचा भारदस्त आवाज चिरका होई आणि संथ चाल धावत सुटे.

फिती परत येत.

"म्हणे, तुमच्या गाण्याच्या मागे कुत्रं लागलंय!" ते चिडून बायकोला सांगत.

"कमाल आहे. मला तर ऐकता ऐकता डुलकी लागते," ती म्हणे.

जे निर्माते घरी येऊन ऐकून गेले, त्यांचेच चित्रपट मालकांना मिळाले. असे फार थोडे. पडद्यावर त्यांचे नाव येई, तोवर प्रेक्षक आपापल्या खुर्च्या शोधत असत. मात्र माझी गती हेच त्यांच्या अपयशाचे कारण, असे मी म्हणणार नाही. मिळालेल्या चित्रपटांपैकीही काही आपटलेच.

पुढे ते वारले. मी कपाटावर धूळ खात पडलो. एके दिवशी त्यांच्या मुलीने दुरुस्तीवाल्याला बोलावले. आईला बाबांचा आवाज ऐकवायचा होता. त्याने सोबत आणलेल्या यंत्रावर फीत लावली.

"हा कोण किंचाळतोय? हे नव्हेत ते," आई म्हणाली. "टाकून दे सगळं."

"अगं आई, खोक्यावर बाबांचं अक्षर आहे."

"अक्षर असेल. गळा नाही. जन्मभर ऐकलाय मी."

फितींचे खोके केराच्या डब्यापाशी गेले. दुरुस्तीवाला माझ्याकडे वळला. "याची चाल मंद आहे, ताई. आतली कप्पी बदलली की सरळ होईल." खोलण्यापूर्वी चाचणी म्हणून त्याने तीच फीत माझ्यावर चढवली.

गाणे सुरू झाले. आई उठून उभी राहिली. शेवटी मालक खाकरले आणि फितीतून म्हणाले, "कशी वाटली गं?"

"जरा लांबलीय," आई म्हणाली. मग दुरुस्तीवाल्याकडे वळून, "तो पेचकस खाली ठेव आधी! याला हात लावायचा नाही."

मित्रांनो, जुन्या यंत्राची धूळ पुसा, त्याला वेळेवर तेल द्या. पण त्याला सुधारण्याआधी, त्याच्या चुकीवर काय काय विसंबून आहे, ते एकदा तपासा.

मुलगी आता एकेक फीत माझ्यावर वाजवून नव्या यंत्रात उतरवून घेते आहे. काम रेंगाळले आहे, कारण आई प्रत्येक चालीनंतर आपले मत सांगते आणि उत्तरासाठी थोडी थांबते.