खुर्चीच्या हातातला काळ

सकाळी आठ वाजता बंद पडलेल्या फर्निचरच्या दुकानाबाहेर रांग लागायची आणि ती कोपऱ्यावरच्या औषधांच्या दुकानापर्यंत जायची. औषधवाला वैतागायचा, कारण रांगेतल्या एकालाही औषध नको होतं. फर्निचरच्या दुकानावर आता 'कालविसंगती संशोधन संस्था' अशी पाटी होती आणि आत काळ हळू चालतो, अशी शहरभर बोंब होती.

"तासभर बसलो," एक निवृत्त कारकून सांगत होता, "बाहेर येऊन बघतो तर माझ्या घड्याळात वीसच मिनिटं झालेली! अंगावर काटा आला हो."

"माझ्यात तर पंधराच," मागची बाई म्हणाली. कारकुनाचा चेहरा पडला.

संस्थेचे संचालक पांढरा कोट घालत आणि खिशाला चार पेनं लावत. त्यांनी कधी काही लिहिलेलं मी पाहिलं नाही. "काळ हा द्रव आहे," ते सांगत. "या वास्तूखाली त्याला भोवरा पडलाय. मध्यावर बसणाऱ्याचे पेशी-तास संथ होतात." पेशी-तास म्हणजे काय, असं कुणी विचारलं की ते दयाळूपणे हसत. "हे समजायला गणित लागतं." झालं, विचारणारा खाली मान घालून बसे.

तासाचे पैसे आधीच मोजून घेत; मग नियम दोनच होते. मोबाईल बाहेर ठेवायचा, कारण त्याच्या लहरींनी भोवरा विस्कटतो. आणि डावा हात खुर्चीच्या हातावर टेकून बसायचं, कारण हृदय डावीकडे असतं. ज्याच्याकडे घड्याळ नसेल त्याला संस्था आपलं काट्यांचं घड्याळ बांधायला देई.

मी घड्याळं दुरुस्त करतो. हा सगळा तमाशा बघून मी पोट धरून हसलो असतो, पण त्या रांगेत माझी ताई उभी होती, भाऊजींना घेऊन.

भाऊजींच्या मूत्रपिंडावर गाठ निघाली होती. सर्जन म्हणाले होते, "लहान आहे. महिन्याभरात या, नुसती गाठ काढू." भाऊजींना सुरीची भयंकर भीती. संचालकांनी ती पहिल्याच भेटीत हेरली. "रोज दोन तास बसा. तुमचा महिना गाठीला दहाच दिवसांचा. घाई कसली?" उरलेल्या बावीस तासांत गाठ काय रजेवर जाते, हे विचारायचं कुणालाच सुचलं नाही.

ताई एक दिवस तिचं घड्याळ घेऊन माझ्याकडे आली. "नीट तपास. आत मागे पडतं, बाहेर बरोबर चालतं. बिघडलंय का?"

मी उघडलं. सेल नवा होता, यंत्र स्वच्छ. दोन दिवस टेबलावर ठेवलं, एक सेकंदाचाही फरक नाही. "घड्याळात काहीही दोष नाही," मी म्हणालो.

"लिहून दे."

मी पावतीपुस्तकाच्या कागदावर लिहून दिलं, खाली सही केली. चार दिवसांनी तो कागद चौकटीत बसून संस्थेच्या भिंतीवर लागला होता. वर लिहिलं होतं, 'तज्ज्ञ घड्याळजींचा निर्वाळा'. मी तणतणत गेलो.

"तुम्ही लिहिलंय ते खोटं आहे का?" संचालकांनी शांतपणे विचारलं.

खोटं नव्हतं. मी तोंडात मारल्यासारखा परत आलो. भाऊजींना म्हटलं, ऑपरेशन करून घ्या. तर ते म्हणाले, "तूच तर लिहून दिलंस." असे पाच महिने गेले.

मग एका दुपारी शाळेच्या निवृत्त मुख्याध्यापिका दुकानात शिरल्या, तणतणत. हातात त्यांचं जुनं किल्लीचं घड्याळ. "मागच्याच महिन्यात साफ केलंस ना? रोज अर्धा तास पुढे पळतंय!"

किल्लीचं घड्याळ असं एकाएकी पळायला लागलं की आमच्या धंद्यात पहिला संशय चुंबकाचा. आतली केसासारखी स्प्रिंग चुंबकीय झाली की तिची वेटोळी एकमेकींना चिकटतात आणि घड्याळ धावत सुटतं. मी घड्याळाजवळ होकायंत्र नेलं. सुई गर्रकन वळली.

"बाई, चुंबकाजवळ कुठे गेला होतात?"

"मी कशाला जाऊ? गुडघ्यांसाठी त्या काळवाल्यांकडे बसते, तेवढंच."

मी होकायंत्र खाली ठेवलं. सेलवर चालणाऱ्या काट्यांच्या घड्याळाला चुंबक लावला की ते जागच्या जागी थांबतं आणि दूर नेलं की निमूटपणे पुन्हा चालू लागतं. मी ताईचं घड्याळ माझ्या टेबलावर तपासलं होतं. ज्या खुर्चीत ते मागे पडायचं ती खुर्ची मी बघितलीच नव्हती!

दुसऱ्या दिवशी मी बाईंना घेऊन संस्थेत गेलो. काचेपलीकडे वीसजण बसले होते, भाऊजीही. मी आधी भिंतीवरची चौकट उतरवली.

"मंडळी, हा कागद माझा आहे. घड्याळ चांगलं आहे, एवढंच मी लिहिलं होतं. इथला काळ हळू आहे, असं नाही. काचेतून बघा. तो कारकून जांभई देतोय. त्याच्या जांभईला तीन मिनिटं लागली का?"

रांगेत कुणीतरी फिसकन हसलं.

"भोवरा विस्कटतोय!" संचालक ओरडले. "याला बाहेर काढा!"

"तू गप्प बस रे," बाई संचालकांना म्हणाल्या. अर्ध्या शहराला त्यांनी शिकवलं होतं. कुणी जागचं हललं नाही.

मी आत जाऊन भाऊजींच्या खुर्चीच्या हाताजवळ माझा पोलादी चिमटा धरला. तो टक्कन चिकटला. बाजूच्या खुर्चीलाही चिकटला. ब्लेडने रेक्झिन फाडलं, तर आत मोडक्या स्पीकरमधले काळे गोल चुंबक ओळीने बसवलेले. नाक खाजवायला, घाम पुसायला हात उचलला की घड्याळ तेवढंच चालायचं. तीच ती वीस मिनिटं.

कारकून आपल्या घड्याळाकडे बघत पुटपुटला, "पण मला बरं वाटायचं हो..." काहीजण तर माझ्यावरच चिडले. संचालक या गडबडीत मागच्या दाराने पसार झाले, आणि त्यांचा काळ मुळीच संथ नव्हता.

भाऊजींचं ऑपरेशन त्याच आठवड्यात झालं. सर्जन बाहेर आले. "जिवाचं भय टळलंय. पण गाठ दुपटीने वाढली होती. अख्खं मूत्रपिंड काढावं लागलं. पाच महिने कुठे होतात?"

 मीच सगळं सांगितलं, त्या कागदासकट. सर्जन माझ्याकडे वळले.

"तुम्ही घड्याळजी ना?"

मी मान डोलावली. त्याहून मोठी शरम मला आयुष्यात वाटली नाही.

तेव्हापासून मी प्रत्येक गिऱ्हाइकाला एकच विनंती करतो, आणि तुम्हालाही करतो. चमत्कार दिसला की हात जोडायच्या आधी विचारा: हे दुसऱ्या जागी, दुसऱ्या घड्याळावर, माझ्या माणसांसमोर करून दाखवाल का? समोरचा चिडला तर उठा आणि थेट डॉक्टरकडे जा. आजार कुणासाठी थांबत नाही.