अहो, टिंब बघा

आभाळी रंगात काळ्याचा केवढा थेंब पडला की तो राखाडीकडे झुकतो, हे रंगवाला डोळे झाकून सांगायचा. हिशेबाचं मात्र नाव काढू नका. ते खातं बायकोचं. ती गेली आणि गल्ल्यामागची खुर्ची रिकामी झाली. कॅल्क्युलेटर होता, पण आधी गुणायचं की भागायचं, हे त्या यंत्राला थोडंच कळतं?

शेवटी दुपारी गिऱ्हाईक नसलं की तो लेकीचं गणिताचं पुस्तक घेऊन बसू लागला. साडेसात लिटरचा डबा १६४२.५० ला, तर एका लिटरचा भाव किती? त्याने भागाकार मांडला, घाम पुसला आणि लिहिलं, २१.९०.

"अहो, टिंब बघा."

आवाज मागून आला, टर्पेंटाइनच्या फळीकडून. बायकोचाच आवाज, हसू दाबलेला. तो गर्रकन वळला. डबे, ब्रश, भिंत. अंगावर सर्रकन काटा आला. त्याने टिंब एक घर पुढे सरकवलं. २१९. बरोबर होतं.

मग हे रोजचंच झालं. चुकलं की ती बोलायची. बरोबर आलं की दुकान नुसतं गप्प. हे ध्यानात आल्यावर तो मुद्दाम चुकू लागला. गेलेल्या माणसाला असं राबवू नये, हे कळत होतं. पण जीव कुठला ऐकतोय! एकदा लिटरला २४८.५० भावाचा अडीच लिटर रंग त्याने गवंड्याला बासष्टला सांगितला आणि मागच्या फळीकडे कान लावून उभा राहिला.

"रंग फुकट वाटायला काढलाय का?" गवंडी हसला आणि डबा उचलून चालता झाला.

ते लेकीने पाहिलं. "बाबा, तुम्ही मुद्दाम चुकताय."

त्याने तिला सगळं सांगितलं. ती घाबरली नाही, चिडली. "मग मला का नाही ऐकू येत?"

"तू चुकत नाहीस ना, बाळा."

गणितात पैकीच्या पैकी मिळवणाऱ्या त्या पोरीने पेन्सिल घेतली, धडधडीत चुकीचं उत्तर लिहिलं आणि श्वास रोखून बसली. मग दुसरं. मग तिसरं. "आई, हे बघ ना, चुकलंय." फळीकडून हूं नाही की चूं नाही.

रंगवाल्याला ते बघवेना. त्याने कागद ओढून घेतला आणि एकेक गणित तिच्यासमोर नीट सोडवलं. त्या दिवसापासून तो चुका टाळू लागला. आवाज थांबला. दुकानाची घडी बसली.

परीक्षेच्या दिवशी लेक शाळेतून थेट दुकानात आली. चेहरा पांढराफटक.

"आई आली होती. शेवटच्या गणिताला. सव्वा मीटर कापड ९३.७५ ला, तर एक मीटर केवढ्याला? मी पंचाहत्तर लिहिलं होतं. ती कानाशी म्हणाली, साडेसात."

रंगवाल्याने फळीकडे पाहिलं. उभ्या जन्मात बायकोचा हिशेब चुकला नव्हता.

"ती विसरत चाललीय, बाबा."

"मग तू काय केलंस?"

"माझं खोडलं. तिचं लिहिलं."

जवळ जाऊन त्याने तिच्या पाठीवरचं दप्तर उतरवून घेतलं.