अडतीस वर्षे एकोणीस दिवस

मित्रांनो, मी एक जुना बाक आहे. नालासोपाऱ्यातल्या एका अभ्यासिकेत खिडकीपाशी माझी जागा आहे. माझ्यावर तिघे जण बसतात आणि पुढच्या फळीवर वह्या ठेवून लिहितात.

माझा जन्म भुईगावचा. वादळात एका वाडीतला फणस पडला. सॅन्टन सुताराने त्याच्या फळ्या पाडल्या, वर्षभर सुकवल्या आणि एकही खिळा न मारता मला जोडले. तेव्हा मी हळदीसारखा पिवळा होतो. फणसाचे लाकूड वयाबरोबर तांबूस होत जाते. आता मी चहाच्या रंगाचा झालो आहे. आधी मी शाळेत होतो. तिथे लोखंडी बाके आल्यावर मला अंगणात ठेवले. पावसाने माझा एक पाय कुजून आखूड झाला. अभ्यासिकेने मला तिथून उचलून आणले, हे मी विसरलेलो नाही.

इथे सरकारी नोकरीच्या परीक्षांचा अभ्यास चालतो. चार वर्षांपूर्वी तेजस्वी आली. ती जूचंद्रची. गावात वाचत बसली की येणारे-जाणारे विचारत, "अजून परीक्षाच का गो?" म्हणून ती इतक्या लांब येई. रांगोळ्या काढून ती घर चालवी. तिच्या बोटांना कधी गुलाबी, कधी निळा रंग असे, तो माझ्या फळीलाही लागे. पहिल्याच दिवशी मी डुगडुगलो. तिने पुठ्ठ्याची घडी करून माझ्या पायाखाली सारली. पुढे रोज बसण्याआधी ती वाकून ती घडी बघायची.

कुणी वय विचारले की ती "पस्तीस" म्हणे. शेजारी बसणारा एरॉल बावीस वर्षांचा. तो चिडवायचा, "ताई, गेल्या वर्षीपन पस्तीसच होतीस!"

"तू माझी वर्षं मोजू नको. गणितं सोडव."

मग ते वर्ष आले. मोठ्या परीक्षेला वयाची अट अडतीस वर्षांची होती. जाहिरात अकरा महिने उशिरा निघाली, आणि वय मात्र तिच्यात छापलेल्या तारखेला मोजणार होते. त्या अकरा महिन्यांत कित्येकांची वये उलटून गेली. सरकारी नोकरीबाबतचे वाद ज्या न्यायाधिकरणापुढे जातात, तिथे दाद मागायचे त्यांनी ठरवले. त्यांची वकील होती हंसाताई. एके काळी तीही माझ्यावर बसून शिकली होती.

तिने माझ्या फळीवर कागद पसरला. "उद्या अर्ज दाखल करतेय. ज्यांचं नाव यात असेल, त्यांच्यासाठीच मला दिलासा मागता येईल. पूर्ण नाव, जन्मतारीख आणि सही."

कागद फिरत फिरत तेजस्वीपुढे आला. तिने तो तसाच एरॉलकडे सरकवला.

"मला कशाला? मी बावीसचा!"

"मग पुढे दे. माझं वय बसतंय."

ते बसत नव्हते, हे फक्त मला ठाऊक होते. सकाळपासून तिने वहीच्या कोपऱ्यात चार वेळा हिशेब केला होता. अडतीस वर्षे एकोणीस दिवस. एकोणीस दिवसांपायी तिची शेवटची संधी हातची चालली होती, आणि तरीही सगळ्यांसमोर जन्मसाल लिहायला तिचा हात उचलत नव्हता.

हंसाताईने कागद पिशवीत ठेवला. सगळे एकदम उठले तसा मी हललो आणि पुठ्ठा निसटला. तेजस्वी सवयीने खाली वाकली. घडी पुन्हा नीट बसवली. तिचा हात बराच वेळ माझ्या आखूड पायावरच होता. मग ती उभी राहिली.

"हंसाताई, थांबा. माझं नाव ऱ्हायलं."

तिने सावकाश जन्मतारीख लिहिली. एरॉलने मान लांब करून वाचली.

"म्हणजे तू माझ्या मम्मीपेक्षा चारच वर्षांनी लहान?"

"मग? आता आंटी म्हनशील काय?"

"छे! ताईच. पन आता तरी छत्तीसची हो गं!"

सगळे हसले. सर्वांत जास्त तेजस्वी हसली.

न्यायाधिकरणाने अर्जातल्या सर्वांना आधी तात्पुरते परीक्षेला बसू दिले. उशीर उमेदवारांनी केलेला नव्हता, म्हणून पुढे अर्जाच्या अंतिम निकालातही तेच कायम ठेवले. तेजस्वी पूर्वपरीक्षा उत्तीर्ण झाली. मुख्य परीक्षेत तिचे गुण थोडे कमी पडले. निकालाच्या दुसऱ्या दिवशी येऊन ती एरॉलला म्हणाली, "नाय झालं रे. पन बसले तरी! घरी बसून झुरले असते, त्यापरीस बरं." आता ती शनिवारी नव्या मुलांना इतिहास शिकवायला येते. आल्याबरोबर आधी खाली वाकते.

मित्रांनो, न्यायाधिकरणाने तेजस्वीला बसायला जागा दिली. नोकरी त्याच्या हातात नव्हती. मीही जन्मभर जागाच देत आलो आहे, म्हणून जागेचे मोल मला कळते. ज्यांनी मला उचलून आणले, ज्यांनी मला टेकू दिला, त्या सर्वांचे माझ्यावर उपकार आहेत. तुमच्या वर्गातही एखादा बाक डुगडुगत असेल. त्याला बाहेर काढण्याआधी एकदा खाली वाकून बघा. कदाचित एका पुठ्ठ्याचेच काम असेल.