बुटकीच्या ताब्याची फाईल

मित्रांनो, न्यायालयाच्या या जुन्या कागदांच्या खोलीत, अगदी खालच्या फळीवर, कोपरे झिजलेली आणि पाठीला दोनदा नवी पट्टी चिकटवलेली जी फाईल दिसते, ती मी. जन्मले तेव्हा सडपातळ होते. सतरा पानांचा अर्ज, एक लग्नाचा दाखला आणि पाच वर्षांच्या मुलीचा जन्मदाखला, एवढाच माझा पसारा.

अर्ज एका परिचारिकेचा होता. तिचा नवरा छापखान्यात यंत्र चालवायचा. आपलं आता पटणार नाही, हे दोघांनाही मान्य होतं. भांडण उरलं होतं ते मुलीवरून. घरात तिला सगळे बुटकी म्हणत. ती कोणाकडे राहणार, एवढं ठरायचं होतं. कारकूनकाका मला दोरा ओवताना म्हणाले, वर्षभरात निकाल लागेल. माझी छाती फुगली. आपल्या हातून तीन माणसांचं भलं होणार, असं मला वाटलं.

तोवर बापानं महिन्यातून एकदा, दोन तास, न्यायालयातल्या मुलांच्या खोलीत लेकीला भेटावं असं ठरलं. तिथल्या ताई भेटीचा अहवाल लिहीत आणि तो माझ्या पोटात लावला जाई. पहिल्या अहवालात होतं, वेळ संपली तरी मुलगी बापाचा शर्ट सोडेना.

मग तारखा सुरू झाल्या. कधी त्याचे वकील आजारी, कधी तिचे वकील दुसऱ्या न्यायालयात. तीन न्यायाधीशांच्या बदल्या झाल्या. नवे साहेब मला पहिल्या पानापासून वाचायला घेत आणि निम्म्यावर येतात न येतात तोच त्यांचंही बदलीपत्र येई. खरं सांगते, दोष एकट्याचा नव्हता. नवरा तयार असला की हिला मुदत हवी असे, ही तयार असली की त्याला. एकदा तर मी जुन्या नोंदवह्यांखाली दबून दीड वर्ष हरवले. परिचारिका ड्युटी बदलून यायची आणि 'फाईल सापडत नाही' ऐकून परत जायची. तिचा आवाज मला ऐकू येई. ओ मात्र देता येत नसे.

मी जाडजूड होत गेले. माझं वजन पाहून लोक नाराजीनं मान हलवत आणि मी लाजेनं अर्धी होई. ताईंचे अहवाल मात्र आखूड होत गेले. बाप दर वेळी चित्र रंगवायची वही आणायचा. छापखान्यातल्या उरल्यासुरल्या कागदांची, स्वतः शिवलेली. बुटकी आठवीत गेली तरी त्याची वही चुकली नाही. ताईंनी लिहिलं, 'मुलीने वही घेतली. उघडली नाही.' पुढच्या वर्षी लिहिलं, 'मुलगी आली नाही.'

शेवटी परिचारिकेनं वरच्या न्यायालयात दाद मागितली आणि मला तिथं मागवण्यात आलं. तिथल्या न्यायाधीशबाईंनी माझी पानं सावकाश उलटली. 'तहकूब' हा शब्द आला की त्या पेन्सिलीनं बारीक खूण करत. खुणा करता करता त्या थांबल्या आणि मुलगी आता किती वर्षांची आहे, असं त्यांनी विचारलं. दोन्ही वकील कागद चाळू लागले. मागच्या बाकावरून परिचारिका उठली.

"सतरा संपतील, मॅडम. पुढच्या महिन्यात अठरा."

बाईंनी पेन्सिल खाली ठेवली. मग त्यांनी हुकूम सांगितला. तीन महिन्यांत निकाल द्या, कोणालाही मुदत नको. शिवाय असे दावे वर्षानुवर्षं का पडून राहतात, याचा जाबही त्यांनी खालच्या न्यायालयांकडून मागवला.

निकाल अडीच महिन्यांत लागला. घटस्फोट मंजूर झाला. ताब्याबद्दल एकच ओळ होती: मुलगी सज्ञान झाल्यामुळे हा प्रश्न उरत नाही. तेरा वर्षं ज्यासाठी खेटे घातले, ते कोणी ठरवलंच नाही.

बुटकी त्या दिवशी आली होती. आईपेक्षा वीतभर उंच. बाप तिच्याजवळ गेला आणि चहा घेशील का, म्हणाला.

"घेईन," ती म्हणाली. "पण बाबा, तुमच्याशी काय बोलायचं ते मला माहीत नाही."

"मलाही नाही," तो म्हणाला.

मध्ये हातभर अंतर ठेवून दोघं बाहेर गेली. परिचारिका बाकावर तशीच बसून राहिली.

मित्रांनो, उद्या तुमच्यातलं कोणी वकील होईल, कोणी कारकून, कोणी न्यायाधीश. समोरची फाईल पुढच्या तारखेवर ढकलण्याआधी एकदा उघडा आणि आतल्या सर्वांत लहान माणसाचं वय वाचा. मोठी माणसं कशीबशी थांबतात. मूल तारखेसाठी थांबत नाही.