सातवी वडी

सकाळी लापशी खाताना शोनागनं बापाला एका दमात सांगून टाकलं: मला तिसरा महिना आहे, आणि बाळाचा बाप कोण ते विचारू नका. रुअरी मॅकआस्किलनं वाडगा निपटून खाल्ला, लांब दांड्याची, सपाट पात्याची कुदळ खांद्यावर टाकली आणि पीटच्या चराकडे चालू लागला. उद्याच्या बोटीनं ती ग्लासगोला परतणार होती. या घराचं दार आपल्याला पुन्हा उघडणार का, हे कळल्याशिवाय तिचा जीव थाऱ्यावर येणार नव्हता. तीही मागोमाग गेली.

स्कॉटलंडच्या हॅरिस बेटावर चूल पेटते ती पीटवर, म्हणजे दलदलीतल्या वाळवलेल्या मातीवर. वरचा माणूस ओली वडी कापतो, चरातला ती झेलून काठावर फेकतो. रुअरी दर वडीला आपल्या वंशातलं एक नाव घ्यायचा. रुअरी, अँगसचा. अँगस, नीलचा. असं करत थेट आस्केटिलपर्यंत. हा बाबा नॉर्वेहून गलबत घेऊन लुटायला आला आणि इथल्याच गेलिक बायकोच्या धाकात नांदला. त्याची पोरं ती मॅकआस्किल. आस्केटिल म्हणजे देवाची कढई, आणि रुअरी ते असं सांगायचा की कढई जणू अजून त्याच्याच घरात आहे. एकवीस नावांत एवढी शतकं कशी मावली, हे त्याला कोणी विचारत नसे; कुदळ त्याच्या हातात असायची.

पण सातवी वडी मुकी असायची. ती कापली जायची, खाली यायची, नाव मात्र नाही. लहानपणी शोनागनं एकदा कारण विचारलं, तर पाठीत धपाटा बसला होता.

आज खाली चरात तिच्या हातून दोन वड्या चिखलात पडल्या. सातवी आली, मुकीच. तिनं ती फेकली नाही.

"ही कोण, बाबा?"

"फेक."

"नाही फेकत. आधी सांगा."

शेजारच्या चरातला टॉर्मोड कंबर सरळ करून उगाच ढग बघू लागला. रुअरीनं हनुवटी दांड्यावर टेकली आणि हळू आवाजात सांगितलं. ती मार्साली. लग्नाशिवाय मुलगा झाला, कोणी पुरुष पुढे आला नाही. तिनं पोराला आपल्याच बापाचं आडनाव लावलं, आणि आपण सगळे त्या पोराचे. आजोबांनी रुअरीला शिकवलं होतं: तिचं नाव घ्यायचं नाही, पण तिची वडी चुकवायची नाही.

शोनागला रडू आलं, आणि रागही. "म्हणजे आता मीही मुकी वडी. माझी नातवंडं विचारतील आणि धपाटे खातील."

रुअरी चराच्या दुसऱ्या टोकाला गेला आणि नव्यानं कुदळ रोवली.

"बाळ," तो म्हणाला.

कुदळीवर पाय ठेवून त्यानं एकदा टॉर्मोडकडे बघितलं. खाली शोनाग हात पसरून थांबली होती.

"शोनागचं," तो म्हणाला. पहिली वडी आली. मग दुसरी. "शोनाग, रुअरीची."

तो पुढे म्हणत गेला. मुकी जागा आता नववी होती.

"मार्साली." हे नाव त्यानं इतक्या मोठ्यानं घेतलं की टॉर्मोडनं डोक्यावरची टोपी काढली.

शोनागच्या हातून वडी निसटायला लागली.

"नीट धर, पोरी," रुअरी म्हणाला. "तुझ्या खापरपणजोबांची पणजी आहे ती."