जतनघरातली घंटी

मी घंटी बोलतेय. बोलतेय म्हणजे आपलं म्हणायचं. खरं तर दुसऱ्यांचं बोलणं मध्येच तोडण्यापलीकडे आयुष्यभर मी काही केलेलं नाही, आणि त्याची मला लाज वाटते.

मला एका ओताऱ्याने ओतलं. माझ्याबरोबरच्या बहिणी गाईंच्या गळ्यात गेल्या, एक शाळेत गेली. ती वाजली की पोरं उड्या मारत घरी पळतात म्हणे. माझ्या नशिबी जतनघर आलं. इथे मी वाजले की माणसांची तोंडं उतरतात.

जतनघर म्हणजे लेखनिकांचं घर. जुन्या गोष्टी शब्दाला शब्द उतरवून ठेवायच्या आणि त्यांत कोणाला ढवळाढवळ करू द्यायची नाही, हे त्यांचं काम. 'आली तशी देईन' अशी शपथ प्रत्येकाने घेतलेली असते. ज्याला चारचौघांत गोष्टी सांगायच्या असतील त्याने आधी इथे परीक्षा द्यायची. चिठ्ठी उचलायची, निघेल ती गोष्ट सांगायची. एक लेखनिक पोथीवर बोट ठेवून बसतो आणि थोरले लेखनिक मला हातात धरून. शब्द चुकला की मी वाजते.

माझ्या वेळचे थोरले लेखनिक म्हणजे आबा. भारी काटेकोर माणूस. एकदा एका म्हाताऱ्याने रंगात येऊन गोष्टीतल्या बैलाला शेपटी हलवायला लावली, तर आबांनी मला अशी वाजवली की म्हातारा दचकून उभाच राहिला. पोथीतला बैल शेपटी हलवत नाही, एवढंच आबा म्हणाले. बिचाऱ्याला पहिल्यापासून सुरुवात करावी लागली. मला तेव्हा या सगळ्याचा मोठा तोरा होता.

मला घासूनपुसून लख्ख करायला आबा कधीकधी घरी न्यायचे. घरी त्यांची नात होती. एका जागी बसणं तिला ठाऊकच नव्हतं, म्हणून सगळे तिला भिंगरी म्हणत. एकदा ही भिंगरी तापाने फणफणून अंथरुणाला खिळली. दुपारची वेळ, उन्हाची तिरीप नको म्हणून खिडकीला चादर लावलेली. तिने आबांकडे नावाड्याच्या मुलीची गोष्ट मागितली.

वादळात बाप परतला नाही म्हणून मुलगी कंदील घेऊन होडीतून निघते. बाप दुसऱ्याच वाटेने सुखरूप घरी येतो. पोथीत शेवट असा आहे: 'कंदील काठाला लागला. मुलगी लागली नाही.'

आबा कंदिलापर्यंत आले आणि अडखळले. भिंगरीने त्यांची बाही घट्ट धरली होती. मी त्यांच्या दुसऱ्या हातात होते. त्यांनी मला मुठीत अशी आवळली की माझा लोलक हलूच शकेना, आणि म्हणाले, "कंदील काठाला लागला. आणि त्याच्यामागोमाग मुलगीही आली, ओलीचिंब, शिंकत."

भिंगरी हसली, स्वतःच शिंकली आणि झोपी गेली. माझ्यादेखत पोथी मोडली होती. पण खरं सांगते, त्या मुठीत मला जितकं बरं वाटलं तितकं पुन्हा कधी वाटलं नाही.

भिंगरी मोठी झाली आणि परीक्षेला बसली. घरच्या माणसाची तयारी थोरल्या लेखनिकांनी करून घ्यायची नाही, असा नियम. तिने एकटीनेच पोथ्या वाचून पाठ केल्या. ही एक तेवढी वाचली नाही, कारण ती तिला येतच होती. चिठ्ठीत नेमकी हीच निघाली.

काय सांगितली पोरीने! पोथीवर बोट ठेवणारा बोट सरकवायचं विसरला. वादळ आलं, होडी गेली, कंदील काठाला लागला. आणि मग मुलगी आली, ओलीचिंब, शिंकत.

सगळ्यांच्या नजरा आबांच्या हाताकडे वळल्या. मला वाटलं, आता मला मुठीत धरतील. आबांनी मनगट हलवलं आणि मी वाजले.

एखादा शब्द मागेपुढे झाला असेल, असं तिला वाटलं. तिने शेवट पुन्हा सांगितला, मुलगी पुन्हा शिंकली आणि मी पुन्हा वाजले.

"पण आबा, तुम्हीच अशी सांगितली होती," ती म्हणाली. "मला ताप होता तेव्हा."

आबांनी पोथीवरून नजर उचलली नाही. "मी कधीच तशी सांगितलेली नाही."

कोणीतरी हसलं. भिंगरीने आधी आबांकडे पाहिलं, मग त्यांच्या हातातल्या माझ्याकडे. तिला सगळं कळलं. मान खाली घालून ती म्हणाली, "तापात काहीतरी ऐकलं असेल मी." नातीने आजोबांची अब्रू राखली, आणि आबांनी ती राखू दिली. मला जमिनीत गाडून घ्यावंसं वाटलं.

पुढच्या खेपेला ती पास झाली. मग लेखनिक झाली, थोरली लेखनिक झाली आणि मी तिच्या हातात आले. तिच्या चुकीसाठी मला पुन्हा कधी वाजावं लागलं नाही.

आबा थकले आणि अंथरुणाला लागले. भिंगरी जतनघरातून परस्पर त्यांच्याकडे यायची, मी तिच्या पिशवीत असायचे. एका दुपारी त्यांनी नावाड्याच्या मुलीची गोष्ट मागितली. तिने सांगितली, शब्दाला शब्द. 'मुलगी लागली नाही,' म्हणून थांबली.

आबा वाट बघत राहिले. मग म्हणाले, "आणि शिंकत आली ना गं ती?"

ती रागाने बोलली असती तर बरं झालं असतं. तिने त्यांचं पांघरूण नीट केलं आणि अगदी मायेने म्हणाली, "नाही आबा. तुम्ही कधीच तशी सांगितलेली नाही."

आबांनी भिंतीकडे तोंड केलं. ते गेले, तेव्हाही तसेच होते.

आता मी जतनघराच्या मेजावर असते. पितळ काळवंडलंय, पण आवाज अजून खणखणीत आहे, हेच माझं दुखणं. परवा परीक्षेत नावाड्याच्या मुलीची गोष्ट पुन्हा निघाली. सांगणारा कंदिलापर्यंत आला आणि जरा अडखळला, तेव्हा भिंगरीची बोटं माझ्यावर क्षणभर आवळली. पण तो अचूक सांगून गेला.

कधीतरी कोणी चुकेल. त्या वेळी मी जिच्या हातात असेन, तिला माझं एवढंच सांगणं आहे: बाई, मला मुठीत घट्ट धर. त्या मुलीला काठाला लागू दे.