घरात आणलेली फुलं

लीलाताई सहस्रबुद्धेंना नाटकाचं वेड होतं, आणि नाटकवेड्या माणसाला चार शब्द ऐकवायला जाणं म्हणजे भिंतीशी बोलणं. लंडनजवळच्या एजवेअरमध्ये इतकी वर्षं काढली, मुलं मार्गी लागली, गुडघे कुरकुरायला लागले, तरी तिथल्या मराठी मंडळाच्या मे महिन्यातल्या एकांकिका स्पर्धेत बाईंचं नाटक असायचंच. दोन हजार सहा साली त्यांनी लायब्ररीतून एक जुनी आयरिश एकांकिका उचलली आणि मराठीत आणली. गोष्ट साधी. डोंगरातलं गाव, दलदल, धुकं. मेंढ्या आणायला गेलेला बाप परतत नाही. घरातल्या बायका वाट बघतात, आणि शेवटी शेजारीण येऊन म्हणते, "धुकं कुणाला विचारून येत नाही गं. यात कुणाचा दोष नाही." संपलं नाटक.

"छे! हे काय नाटक झालं?" लीलाताई नवऱ्याला म्हणाल्या. "अहो, नुसता निसर्ग आणि नियती! भांडायला समोर माणूसच नाही कुणी."

कमलाकरराव क्रॉसवर्डमधून डोकं न काढता म्हणाले, "मग विचार की ब्रीडाला. ती तिथलीच आहे."

ब्रीडा म्हणजे शेजारीण. आयर्लंडमधल्या गॉलवेकडच्या खेड्यातली, नवरा गेल्यापासून एकटी, आणि लीलाताईंच्या साबुदाण्याच्या खिचडीवर जीव टाकणारी. तिने हौसेनं सगळं सांगितलं. माणूस गेला की घड्याळ बंद करायचं, आरशावर कापड टाकायचं, आत्म्याला वाट हवी म्हणून खिडकी उघडी ठेवायची. लीलाताई खूश झाल्या आणि तिथल्या तिथे तिला पहिल्या रांगेतलं तिकीट देऊन बसल्या.

मग एका दुपारी चहा पिताना त्या सहज बोलून गेल्या, "तुझ्या त्या हॉथॉर्नला काय बहर आलाय गं! दे की दोन फांद्या फ्लॉवरपॉटला." ब्रीडाच्या बागेतलं ते काटेरी झाड पांढऱ्याशुभ्र फुलांनी लगडून कुंपणावरून इकडे वाकलं होतं.

ब्रीडाचा चेहरा खर्रकन उतरला. "ती फुलं घरात आणत नाहीत, लीला. आमच्याकडे म्हणतात, मरण येतं." तिने कप खाली ठेवला नाही, नुसता हातात फिरवला. मग म्हणाली, "मी सात वर्षांची होते. आईचे दिवस भरत आलेले. तिला आवडतील म्हणून मी बरणीत घालून आणली. मला काय माहीत? त्याच आठवड्यात बाळंतपणात आई गेली, बाळही गेलं. आजीनं सगळ्यांदेखत माझ्याकडे बोट केलं. 'तूच आणलंस घरात,' म्हणाली. हे मी माझ्या नवऱ्यालासुद्धा कधी सांगितलं नाही."

आता अशा वेळी माणसानं काय करावं? हात धरावा. 'अगं, तुझा काय दोष?' एवढं म्हणायला काय जातं? ब्रीडा तेवढ्यासाठीच थांबली होती, चहाचा कप दोन्ही हातांत धरून, लीलाताईंच्या तोंडाकडे बघत. आणि आमच्या बाई? त्यांच्याही अंगावर काटा आला होता, पण तो नाटकाचा! बरणी, फुलं, आजीचं बोट! गॅसवर भाजी ठेवलीय अशी धडधडीत थाप मारून त्या घरी पळाल्या आणि लिहायला बसल्या.

नवा प्रसंग आत आला, तशी वेळ पुरेना. मग नाटकातल्या शेजारणीचं शेवटचं बोलणं उडालं. आता फुलं आणणाऱ्या मुलीकडे आजी बोट दाखवणार आणि पडदा. प्रेक्षक गार! आजीचं काम अर्थातच बाईंनी स्वतःकडे घेतलं.

कमलाकररावांनी वाचून चष्मा काढला. "लीला, ब्रीडाला विचारलंस?"

"तिला कुठे मराठी कळतंय?"

"बोट दाखवलेलं कळायला मराठी लागतं का?"

लीलाताईंनी त्यांच्या हातातून कागद ओढून घेतले. त्या दिवसापासून मात्र त्यांचं जेवणात लक्ष लागेना. रोज ठरवायच्या, आज जाऊन सांगते. आणि रोज कुंपणापाशी जाऊन हवेच्या गप्पा मारून परत यायच्या. शेवटी शेवटी तर देवापुढे दिवा लावताना, नाटकाच्या दिवशी ब्रीडाची कंबर धरू दे, असं मागून मोकळ्या झाल्या. स्वतःचीच लाज वाटली त्यांना, पण मागणं काही परत घेतलं नाही.

एवढ्यानं भागलं असतं तर! स्पर्धेच्या रविवारी सकाळी ब्रीडा चर्चला गेलेली असताना बाईंनी कात्री घेतली आणि कुंपणावरून आलेली एक भरगच्च फांदी कापली. कागदी फुलं मेली लांबूनसुद्धा कागदीच दिसतात ना! चादरीत गुंडाळून ती फांदी त्यांनी गाडीत घातली.

ब्रीडाची कंबर धरली नाही. निळा ठेवणीतला कोट घालून ती पहिल्या रांगेत बसली होती.

मुलीचं काम करणारी तनिषा बरणी घेऊन रंगमंचावर आली. पोर इथेच जन्मलेली, मराठी लंगडत बोलणारी. "आई, मी तुझ्यासाठी फूल आणली," ती म्हणाली, आणि त्या फुलांचा गोडसर, कुबट वास पुढच्या रांगांत पसरला. काळ्या शालीतल्या लीलाताईंनी तेव्हा समोर पाहिलं. ब्रीडानं दोन्ही हातांनी खुर्चीची कड धरली होती. नको, नको, असं लीलाताईंचं मन ओरडत होतं. पण तालमीत घोटलेला हात! तो आपोआप वर गेला, बोट पोरीकडे वळलं, आणि बाई कडाडल्या, "तूच आणलंस घरात!"

पडदा पडला. टाळ्या थांबेनात.

काठी टेकत ब्रीडा पडद्यामागे आली. लीलाताई पुढे झाल्या, "ब्रीडा, मी..." ती त्यांच्या बाजूनं तशीच पुढे गेली. तनिषासमोर खुर्ची ओढून बसली आणि तिचे दोन्ही हात हातात घेतले.

"तू काही केलं नाहीस, बाळा," ती इंग्रजीत म्हणाली. "तू फक्त फुलं आणलीस."

"आय नो," तनिषा गोंधळून म्हणाली. "इट्स जस्ट अ प्ले."

"हो. तरी कुणीतरी सांगायला हवं."

लीलाताईंना रडू आवरेना. "तुझाही दोष नव्हता गं. तुझाही नव्हता."

ब्रीडानं पहिल्यांदा त्यांच्याकडे पाहिलं. चेहऱ्यावर राग नव्हता, आणि लीलाताईंना तेच सोसेना.

"त्या दुपारी मी तेवढंच ऐकायला बसले होते, लीला. तू भाजी बघायला गेलीस."

बाहेर माइकवरून पहिल्या बक्षिसासाठी सहस्रबुद्धे बाईंचं नाव पुकारत होते. ब्रीडानं कोटाची बटणं लावली. दारापर्यंत गेली, थांबली, आणि बरणीतल्या फांदीकडे बघून म्हणाली, "ती घरी नेऊ नकोस हं. घरात कमलाकर आहे."